अध्याहाराची कला : एडगर उल्मर आणि अल्पव्ययी चित्रपट

वाक्यात प्रत्यक्ष न उच्चारलेले, परंतु ज्यावाचून वाक्यार्थ पुरा होत नाही असे जे काही श्रोता आपण होऊन पुरवितो, त्यास अध्याहार म्हणतात. थंड वारा आत येत असता कोणी नुसते 'दार' एवढेच म्हटले, तर ऐकणारा उठून दार लावतो. 'लाव' हे क्रियापद कोणी उच्चारलेले नसते. या साध्या उदाहरणावरून मीमांसकांत मोठा वाद झाला. कुमारिलाच्या अनुयायांच्या मते श्रोता गाळलेला शब्द पुरवितो; प्रभाकराच्या अनुयायांच्या मते तो शब्दाच्या वाटेला न जाता थेट अर्थच पुरवितो. वाद शब्दार्थविचारातील असला, तरी त्याची उपयुक्तता तेवढ्यापुरती नाही. जेथे सांगावयाचे पुष्कळ आणि सांगण्याची साधने थोडी, अशा प्रत्येक कलेत हा प्रश्न निराळ्या रूपाने उभा राहतो. अल्प भांडवलावर निघणारा चित्रपट ही अशा कलांपैकी एक होय, आणि तिचा विचार करावयाचा, तर एडगर उल्मर (१९०४–१९७२) या दिग्दर्शकाच्या कारकीर्दीइतके उद्बोधक उदाहरण क्वचितच सापडेल.

उल्मरने भयपट काढले, गुन्हेपट काढले, वेस्टर्न काढले, परग्रहावरील आगंतुकांच्या अद्भुतकथा काढल्या, संगीतपट काढले, क्षयरोगाविषयीचे प्रचारपट काढले, आणि अमेरिकेत राहून युक्रेनी व यिद्दिश या भाषांतील बोलपटही काढले. यांतील बहुतेक चित्रपट तुटपुंज्या पैशात आणि थोड्या दिवसांत झाले. त्याच्याविषयी लिहिणाऱ्यांपैकी काहींनी या दारिद्र्याबद्दल हळहळ व्यक्त केली, तर काहींनी त्या दारिद्र्याचेच कौतुक केले. दोन्ही भूमिकांत मूळ प्रश्न बाजूला राहतो. तो असा, की जे पडद्यावर दाखविणे परवडत नव्हते, ते प्रेक्षकाच्या मनात उभे करण्यासाठी उल्मरने नेमके काय केले?

प्रथम त्याच्या घडणीकडे पाहू. उल्मरचा जन्म १७ सप्टेंबर १९०४ रोजी मोराव्हियातील ओल्म्युट्स, म्हणजे आजच्या ओलोमोउत्स या गावी, एका ज्यू कुटुंबात झाला. तेव्हा हा प्रदेश ऑस्ट्रिया-हंगेरी साम्राज्यात होता. त्याचे बालपण व्हिएन्नात गेले, आणि पहिल्या महायुद्धात त्याचे वडील वारले. नाट्यनेपथ्याच्या कामातून तो चित्रपटात आला. एफ. डब्ल्यू. मुर्नाऊ या थोर जर्मन दिग्दर्शकाच्या हाताखाली त्याने नेपथ्यविभागात काम केले. भिंत, सावली आणि प्रकाश यांनाही पात्रांइतकेच बोलते करता येते, हा मुर्नाऊच्या शैलीचा धडा त्याने आयुष्यभर विसरला नाही. १९३० साली बर्लिनमध्ये झळकलेल्या 'मेन्शन आम झोनटाग' (रविवारची माणसे) या मूकपटावर रॉबर्ट सिओडमाकबरोबर दिग्दर्शक म्हणून त्याचे नाव आहे. पुढे हॉलिवूडमध्ये कीर्ती मिळविलेले बिली वाइल्डर आणि फ्रेड झिनेमान हेही या चित्रपटाच्या कामात होते. त्यातील प्रमुख पात्रे व्यावसायिक नटांनी केलेली नाहीत; टॅक्सीचालक, ग्रामोफोनच्या तबकड्या विकणारी तरुणी, दारूचा विक्रेता अशी ही माणसे जवळजवळ स्वतःचीच भूमिका करीत होती. आठवड्यातील इतर दिवशी ती आपापल्या कामावर जात, म्हणून चित्रीकरणही मुख्यतः रविवारीच होई. कथेचा विषय रविवार, आणि चित्रणाची सोयही रविवारचीच! निर्मितीतील अडचण आणि कथेचा आशय यांचा मेळ घालण्याची ही रीत पुढे उल्मरच्या कामात वारंवार दिसते.

हॉलिवूडमधील त्याचे पहिले मोठे यश म्हणजे युनिव्हर्सल कंपनीसाठी काढलेला 'द ब्लॅक कॅट' (१९३४). बोरिस कार्लोफ आणि बेला लुगोसी हे भयपटांतील दोन ख्यातनाम नट त्यात प्रथमच एकत्र आले. शीर्षक एडगर ॲलन पोच्या कथेचे असले, तरी कथानकाचा त्या कथेशी संबंध नावापुरताच आहे. महायुद्धात ज्या किल्ल्यावर हजारो सैनिक मारले गेले, त्याच किल्ल्याच्या अवशेषांवर त्या किल्ल्याचा विश्वासघात करणाऱ्या सेनाधिकाऱ्याने अत्याधुनिक घर बांधले आहे, आणि पंधरा वर्षे कैदेत काढलेला त्याचा जुना सहकारी तेथे जाब विचारण्यास येतो. युद्ध मात्र चित्रपटात कोठेच दिसत नाही. तळघरातील एका प्रसंगी कॅमेरा रिकाम्या भिंतींवरून आणि जिन्यांवरून हळूहळू सरकत जातो. माणसे दृष्टीस पडत नाहीत, केवळ कार्लोफचा आवाज ऐकू येतो, आणि आपण दोघेही त्या युद्धातच मेलो नाही काय, असा त्या बोलण्याचा आशय असतो. रणांगण दाखविण्यास जो खर्च आला असता, तो एका रिकाम्या भिंतीने वाचविला. पण प्रेक्षक तेथे रणांगणाचे चित्र मनात आणून बसवीत नाही. त्याला जाणवते ते युद्धानंतर उरलेले मृतवत् जिणे. म्हणजे प्रभाकरमताच्या भाषेत बोलावयाचे, तर येथे शब्दाचा नव्हे, अर्थाचा अध्याहार आहे.

चित्रपट चांगला चालला. तथापि उल्मरला त्याचा लाभ झाला नाही. युनिव्हर्सलचे संस्थापक कार्ल लेमले यांच्या पुतण्याची पत्नी शर्ली आणि उल्मर यांचे प्रेम जमले आणि पुढे ते विवाहबद्ध झाले. त्यामुळे केवळ युनिव्हर्सलचेच नव्हे, तर हॉलिवूडमधील मोठ्या कंपन्यांचे दरवाजे त्याला दीर्घकाळ बंद झाले. शर्ली उल्मर पुढे त्याच्या बहुतेक चित्रपटांच्या कामात सहभागी होती. हे जोडपे न्यूयॉर्कला गेले, आणि तेथे कारकीर्दीतील जे पर्व सुरू झाले, ते भाषाभ्यासकांना विशेष विचार करावयास लावणारे आहे.

न्यूयॉर्क आणि आसपासच्या प्रदेशात स्थलांतरितांचे मोठे समाज होते, आणि आपल्या भाषेतील बोलपट पाहण्याची त्यांना ओढ होती. वासिल अव्रामेंको या युक्रेनी नृत्यशिक्षकाने आपल्या समाजातून पैसा उभारून 'नताल्का पोल्ताव्का' हा चित्रपट हाती घेतला, आणि त्याच्या दिग्दर्शनात उल्मरचा वाटा होता. मूळ नाटक इव्हान कोत्ल्यारेव्स्कीचे, म्हणजे आधुनिक युक्रेनी वाङ्मयाच्या आरंभकाळातले. लगोलग 'ग्रिने फेल्डर' (हिरवी शेते, १९३७) हा यिद्दिश चित्रपट आला. पेरेत्झ हिर्शबाइनच्या नाटकावर आधारलेल्या या चित्रपटाचे सहदिग्दर्शक होते यिद्दिश रंगभूमीवरील नामवंत नट जेकब बेन-अमी. त्यानंतर 'द सिंगिंग ब्लॅकस्मिथ' (१९३८), 'कॉसॅक्स इन एक्झाइल' (१९३९), 'द लाइट अहेड' (१९३९) आणि 'अमेरिकन मॅचमेकर' (१९४०) असे चित्रपट त्याने काढले. याच सुमारास हार्लेममधील निग्रो समाजाचे जीवन दाखविणारा 'मून ओव्हर हार्लेम' (१९३९) निघाला, आणि राष्ट्रीय क्षयरोग संघटनेसाठी काही लघुपटही झाले. त्यांतील 'क्लाउड इन द स्काय' टेक्सासमधील मेक्सिकन वंशाच्या लोकांसाठी होता, तर 'अनदर टु कॉन्कर' (१९४१) नवाहो आदिवासींविषयी होता.

उल्मरची भाषा व्हिएन्नाची जर्मन. युक्रेनी त्याची नव्हती, यिद्दिशही घरची नव्हती. मग परभाषेतील चित्रपट त्याने कसे काढले? उच्चार, म्हणी, लकबी यांची जबाबदारी त्या त्या समाजातील नटांनी आणि सहदिग्दर्शकांनी उचलली, हे उत्तराचा एक भाग झाले. परंतु दुसरा भाग अधिक महत्त्वाचा आहे. एक पद ऐकल्यावर दुसऱ्या पदाची जी अपेक्षा श्रोत्याच्या मनात उत्पन्न होते, तिला आपल्याकडे आकांक्षा म्हटले आहे. आकांक्षा नसेल तेथे अध्याहारही संभवत नाही. स्थलांतरित प्रेक्षकाच्या मनात ही आकांक्षा आधीच भरून राहिलेली होती. न्यू जर्सीतील शेतावर चार झोपड्या, एक कुंपण आणि एक विहीर दाखविली, की मागे सोडलेले गाव तो स्वतः पुरवीत असे. याच राज्यात न्यूटनजवळ उभारलेल्या गावाच्या देखाव्याने युक्रेनी कॉसॅकांचे आणि यिद्दिश लोहाराचे अशा दोन्ही गावांचे काम भागविले. ही काटकसर खरीच. परंतु ती साधली याचे कारण असे, की त्या दोन समाजांचे मूळ प्रदेशही शेजारशेजारचेच होते, आणि दोघांच्याही आठवणीतील गाव बरेचसे सारखे होते.

या पर्वातील सर्वांत गंभीर कृती म्हणजे 'द लाइट अहेड'. यिद्दिश गद्याचे जनक मानले जाणारे मेंडेले मोखेर स्फोरिम यांच्या कथासाहित्यावर ती आधारलेली आहे. ग्लुब्स्क नावाच्या कंगाल गावात लंगडा फिश्के आणि अंध होडेल यांचे परस्परांवर प्रेम आहे. गावचे पुढारी आरोग्यावर पैसा खर्च करीत नाहीत. पटकीची साथ येते, तेव्हा उपाय म्हणून या दोन निराधारांचे लग्न स्मशानात लावण्याचे ठरते. अंधश्रद्धेवर टीका आणि त्या समाजाविषयी अपार माया, या दोन्ही गोष्टी येथे एकाच वेळी आहेत. घरे मुद्दाम वाकडी, रस्ते अरुंद आणि अंधारलेले. नेपथ्याचे दारिद्र्य आणि गावाचे दारिद्र्य वेगळे काढता येत नाही. चित्रपट १९३९ चा आहे. पुढच्या सहा वर्षांत पूर्व युरोपातील तशी गावे आणि त्यांतील माणसे नष्ट करण्यात आली. तात्पुरत्या लाकडी देखाव्यात चित्रित झालेली ती भाषा, तो हेल, ती हातवाऱ्यांची पद्धत आता केवळ करमणुकीचा भाग राहिलेली नाही. ब्रँडाइस विद्यापीठातील राष्ट्रीय ज्यू चित्रपट केंद्राने या चित्रपटांच्या पुनरुद्धाराचे काम केले, त्याचे मोल भाषेच्या अभ्यासकास अधिक सांगावयास नको.

१९४२ पासून १९४६ पर्यंत उल्मर मुख्यतः प्रोड्यूसर्स रिलीझिंग कॉर्पोरेशन, म्हणजे पी.आर.सी., या छोट्या कंपनीसाठी काम करीत होता. अशा कंपन्यांच्या वस्तीला हॉलिवूडमध्ये 'पॉव्हर्टी रो', म्हणजे दारिद्र्याची गल्ली, म्हणत. त्यांचे अर्थकारण समजून घेतल्याखेरीज त्यांचे चित्रपट समजणार नाहीत. त्या काळी अमेरिकेतील असंख्य चित्रपटगृहांत एका तिकिटात दोन चित्रपट दाखवीत. पहिल्या, मोठ्या चित्रपटाच्या निर्मात्यास उत्पन्नाचा हिस्सा मिळे. दुय्यम चित्रपटाचे भाडे मात्र बहुधा ठरावीक असे. चित्रपट कितीही चांगला झाला, तरी उत्पन्न वाढत नसे. नफा वाढवावयाचा, तर खर्च कमी करणे एवढा एकच मार्ग उरे. एका चित्रपटासाठी १५,००० फुटांहून अधिक फिल्म मिळत नसे, असे उल्मर सांगे. पडद्यावरील एका मिनिटास ९० फूट फिल्म लागते, म्हणजे ६८ मिनिटांच्या चित्रपटास ६,१२० फूट. याचा अर्थ, एकेका दृश्याचे दोन किंवा फार तर तीन प्रयत्न. त्यात साधले तर साधले.

सुमारे ६८ मिनिटांचा 'डीटूर' (आडवळण, १९४५) हा याच कंपनीचा चित्रपट. मार्टिन गोल्डस्मिथच्या १९३९ च्या कादंबरीवरून त्यानेच पटकथा लिहिली. न्यूयॉर्कच्या रात्रीच्या क्लबात पियानो वाजविणारा ॲल रॉबर्ट्स आपल्या प्रेयसीला भेटण्यासाठी वाटसरू म्हणून लोकांच्या मोटारींतून लॉस एंजेलिसकडे निघतो. वाटेत मोटारीचा मालक अकस्मात मरतो. आपल्यावर खुनाचा आळ येईल या भीतीने रॉबर्ट्स त्याचे नाव, कपडे आणि मोटार घेतो. पुढे व्हेरा ही स्त्री त्याला गाठते, त्याचे बिंग ओळखते आणि त्याला मुठीत ठेवते. तिचाही मृत्यू त्याच्याच हातून घडतो, तोही, त्याच्या म्हणण्याप्रमाणे, नकळत. टॉम नील आणि ॲन सॅव्हेज यांच्या या प्रमुख भूमिका.

येथे अध्याहाराच्या तीन पातळ्या दिसतात. पहिली पातळी निव्वळ बचतीची. प्रेमिकांची न्यूयॉर्कमधील रात्रीची फेरी दाट धुक्यात दाखविली आहे. धुक्यातून रस्त्याच्या पाट्या तेवढ्या वर येतात, शहर दिसत नाही. दुसरी पातळी संकेताची. रॉबर्ट्सचा पश्चिमेकडील प्रवास नकाशाप्रमाणे पडद्यावर उजवीकडून डावीकडे व्हावा म्हणून काही दृश्यांचे चित्रण उलटे छापले. त्यामुळे मोटारींची चालकाची बाजू चुकीची दिसते. ही चूक अनेकांनी दाखविली आहे. परंतु दिशेचा संकेत पाळण्यासाठी वस्तुस्थितीचा बळी दिला, हे येथे लक्षात घेतले पाहिजे. व्याकरणासाठी उच्चार सोडावा तसा हा प्रकार आहे. तिसरी पातळी सर्वांत महत्त्वाची, ती निवेदनाची. सारी कथा रॉबर्ट्स आपल्या तोंडाने सांगतो. प्रत्यक्ष दृश्याऐवजी निवेदन वापरणे हा खर्च वाचविण्याचा जुनाच उपाय. पण हा निवेदक ऐकणाऱ्याला उद्देशून बोलतो, त्याचा अविश्वास आधीच गृहीत धरतो, आणि त्याने विचारण्यापूर्वीच सफाई देऊ लागतो. दोन मृत्यू, आणि दोन्ही वेळा केवळ दैव दोषी! त्यामुळे चाणाक्ष प्रेक्षक जे सांगितले त्यापेक्षा जे गाळले त्याचा विचार करू लागतो. तसे पाहिले म्हणजे धुक्याचाही अर्थ पालटतो. ते न्यूयॉर्क झाकणारे धुके राहत नाही, तर स्वतःला फसविणाऱ्या माणसाच्या स्मृतीचे धुके होते. ही फेरफार पैशाने झाली नसती, आणि केवळ पैशाच्या अभावानेही झाली नसती.

या ठिकाणी एका आख्यायिकेची चिकित्सा करणे आवश्यक आहे. 'डीटूर' सहा दिवसांत आणि वीसेक हजार डॉलरांत झाला, असे अनेक ग्रंथांत लिहिलेले आढळते. सहा दिवसांच्या कथेचा उगम बव्हंशी उल्मरच्याच उत्तरायुष्यातील आठवणींत आहे. १९७० साली दिग्दर्शक पीटर बोगदानोविच यांनी त्याची प्रदीर्घ मुलाखत घेतली, तिच्यावर पुढील बरेच लेखन अवलंबून राहिले. नोआ आयझेनबर्ग या अभ्यासकाने निर्मितीची कागदपत्रे तपासली. २०१४ साली त्याचे उल्मरचरित्र प्रसिद्ध झाले. त्या कागदपत्रांवरून चित्रीकरणास किमान दोन आठवडे लागले, आणि खर्च १ लाख डॉलरांच्या वर गेला असे दिसते. उल्मरच्या आठवणी इतरत्रही अशाच सैल आहेत. आपला जन्म व्हिएन्नाचा, असे तो सांगे. 'द कॅबिनेट ऑफ डॉ. कॅलिगारी' या चित्रपटाच्या कामातही आपण होतो, असा त्याचा दावा होता. पण त्या चित्रणाच्या वेळी तो अवघा पंधरा वर्षांचा होता.

मुलाखत ही साक्ष आहे, पुरावा नव्हे. तथापि कागदपत्रांनी आख्यायिका खोडली म्हणून कृतीचे मोल उणावत नाही. उलट ते योग्य जागी येते. सहा दिवसांत केले म्हणून नवल वाटावयाचे असेल, तर सहा दिवसांत झालेले वाईट चित्रपटही पुष्कळ आहेत. दिवस मोजून कौतुक करणे म्हणजे कवितेचे शब्द मोजून तिची थोरवी ठरविण्यासारखे होय.

हा मुद्दा उल्मरच्या अपयशांवरूनही सिद्ध होतो. 'कार्नेगी हॉल' (१९४७) मध्ये त्याला जगद्विख्यात संगीतकार मिळाले आणि नेहमीपेक्षा पैसाही अधिक मिळाला. परंतु वादने श्रेष्ठ असूनही त्यांना जोडणारी कथा सैल राहिली. दुसऱ्या बाजूने पाहता, टेक्सासमध्ये जोडीने चित्रित केलेल्या 'द अमेझिंग ट्रान्सपेरंट मॅन' आणि 'बियाँड द टाइम बॅरियर' या दोन चित्रपटांपैकी पहिल्यात अदृश्य मनुष्य आहे, म्हणजे वास्तविक अध्याहारास याहून सोयीचा विषय नाही. पण तेथे प्रेक्षकाने केवळ न दिसणारा माणूस कल्पावा एवढीच अपेक्षा आहे, अर्थ पुरवावा असे काही ठेवलेले नाही. याउलट 'द मॅन फ्रॉम प्लॅनेट एक्स' (१९५१) मध्ये पुन्हा तेच धुके आहे, आणि त्यातून येणारा परग्रहवासी शत्रू की याचक, हे कोणालाच कळत नाही. त्याची भाषा माणसांना येत नाही, आणि माणसांचा लोभ त्याला उमगत नाही. थोड्या पैशातील हा चित्रपट म्हणूनच स्मरणात राहतो. 'द नेकेड डॉन' (१९५५) या वेस्टर्नमध्ये दरोडेखोर, शेतकरी आणि त्याची बायको अशी तीनच प्रमुख माणसे आहेत. फ्रान्सवा त्रुफोने या चित्रपटाची मनापासून प्रशंसा केली.

१९४८ साली अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाच्या निर्णयाने मोठ्या कंपन्यांचा चित्रपटगृहांवरील ताबा सुटू लागला. पाठोपाठ दूरचित्रवाणी आली, आणि दुय्यम चित्रपटांचा जुना बाजार मोडला. उल्मर कामाच्या शोधात इटली, स्पेन असा फिरत राहिला. त्याचा अखेरचा चित्रपट 'द कॅव्हर्न' (१९६४) हा महायुद्धात एका गुहेत कोंडल्या गेलेल्या, परस्परांचे शत्रू असलेल्या राष्ट्रांच्या सैनिकांची आणि एका स्त्रीची कथा सांगतो. ३० सप्टेंबर १९७२ रोजी कॅलिफोर्नियात त्याचे निधन झाले. फ्रेंच समीक्षकांनी त्याची दखल १९५० नंतरच्या दशकातच घेतली होती. त्याच्या देशाने ती उशिरा घेतली: १९९२ साली 'डीटूर'चा समावेश अमेरिकेच्या राष्ट्रीय चित्रपट नोंदवहीत झाला, आणि २०१८ साली त्याची पुनरुद्धार केलेली प्रत प्रेक्षकांसमोर आली.

अंथरूण पाहून पाय पसरावे, ही म्हण अल्पव्ययी निर्मात्यांना नेहमी ऐकविली जाते. उल्मरने तेवढेच केले असते, तर तो काटकसरी कारागीर म्हणून विसरला गेला असता. त्याच्या उत्तम चित्रपटांत अंथरुणाचे तोकडेपण हाच कथेचा विषय झालेला दिसतो: युद्धानंतरची रिकामी भिंत, पटकीच्या गावातील वाकडी घरे, गुन्हेगाराच्या स्मृतीतील धुके. प्रत्येक ठिकाणी प्रेक्षकाजवळ आधीपासून असलेली आकांक्षा त्याने ओळखली होती. ही आकांक्षा भयपटाच्या प्रेक्षकाची निराळी, युक्रेनी शेतकऱ्याची निराळी, दुय्यम चित्रपटासाठी थांबलेल्या दमलेल्या माणसाची निराळी. इतक्या भिन्न प्रकारांत तो वावरू शकला, त्याचे मर्म येथे आहे. 'दार' म्हटल्यावर श्रोता उठतो तो बोलणाऱ्याचा शब्दसंग्रह दरिद्री म्हणून नव्हे, तर वारा दोघांनाही लागत असतो म्हणून.